नवजात बाळाची ओएई तपासणी : मिरजेतल्या एका श्रवण केंद्राचा अनुभव

प्रसूतिगृहातून घरी सोडताना हातात दिलेल्या कागदांत ‘ओएई : रेफर’ असं लिहिलेली चिठ्ठी असेल, तर हे परीक्षण तुमच्यासाठी आहे. ओएई म्हणजे नवजात बाळाच्या कानाची पहिली तपासणी. आमच्या नातीच्या चिठ्ठीवर तेच होतं, दोन्ही कानांपुढे. त्यानंतर मिरजेतल्या ज्या श्रवण केंद्रात आम्ही तिला नेलं, त्याबद्दल लिहिते. निकाल आधीच सांगते. केंद्र चांगलं आहे, तपासणी करणाऱ्या ताईंचा हातही चांगला आणि धीरही, आणि ज्यांच्या मनात शंका असेल त्यांनी तिथे अवश्य जावं. तक्रारीही आहेत, त्या पुढे येतीलच.

मी मिरजेत गाणं शिकवते. लेक पहिल्या बाळंतपणाला माहेरी आली होती. जिथे बाळंतपण झालं तिथले डॉक्टर आणि नर्स मनापासून करणारे होते, पण कानाची तपासणी मात्र उरकून टाकल्यासारखी झाली. वॉर्डाशेजारच्या खोलीत, भेटायला आलेल्यांचा गलका चालू, डोक्यावर पंखा घरघरतोय, बाळ रडतंय, अशात मशीन लावलं. घरी सोडायच्या दिवशी औषधांच्या बिलाबरोबर चिठ्ठी आली. लेकीने विचारलं, ‘रेफर म्हणजे काय?’ काउंटरवरच्या मुलाने सांगितलं, ‘कानाच्या डॉक्टरांना दाखवा.’ बस, एवढंच. ओली बाळंतीण ती, घरी येऊन भिंतीकडे तोंड करून रडत राहिली. कुणी दोन मिनिटं समजावून सांगितलं असतं तर ते रडणं टळलं असतं.

म्हणून ते समजावणं आधी इथे करते. ‘रेफर’ म्हणजे बाळ बहिरं आहे असं नव्हे. मशीनला आज बाळाच्या कानातून हवं ते उत्तर मिळालं नाही, पुन्हा तपासा, इतकाच त्याचा अर्थ. जन्मानंतर पहिल्या एकदोन दिवसांत कानाच्या नळीत गर्भातला पांढरा चिकट थर अडकलेला असू शकतो, पडद्यामागे पाणी असू शकतं. अशा वेळी नीट ऐकू येणाऱ्या बाळाचंही उत्तर बाहेर पोचत नाही. यातली बहुतेक बाळं पुढच्या तपासणीत पास होतात. पण म्हणून पुढची तपासणी टाळून चालत नाही. हजार बाळांमागे साधारण एक ते तीन बाळांना जन्मतः कायमचा श्रवणदोष असतो, आणि तो चेहऱ्यावर दिसत नाही. जगभर एकच हिशेब सांगतात : पहिला महिना संपायच्या आत चाळणी, म्हणजे प्राथमिक तपासणी, तिसऱ्या महिन्याच्या आत पक्कं निदान, सहाव्याच्या आत श्रवणयंत्र किंवा जो असेल तो उपाय सुरू. भाषा कानातून आत जाते आणि मेंदू त्या वयात ती गोळा करत असतो, म्हणून ही घाई.

आमच्याकडे चिठ्ठीची बातमी पसरताच नातेवाइकांनी आपापली परीक्षा सुरू केली. कुणी ताट वाजवलं, कुणी टाळी वाजवली, बाळ दचकलं की सगळे म्हणायचे, ‘बघा, ऐकतंय की!’ त्यांची माया खरी, पण या परीक्षेने काही कळत नाही. ताट आपटलं की पलंग हादरतो, हवा हलते, सावली सरकते, आणि बाळ त्यालाही दचकतं. एक कान चांगला आणि दुसरा बंद असला तरी बाळ दचकतं. वरच्या सुरांतलं ऐकू येत नसेल आणि खालच्यांतलं येत असेल तरीही दचकतं. वरचं ऐकू न येणाऱ्या मुलाला ‘स’, ‘श’, ‘फ’ ही अक्षरं नीट ऐकूच येणार नाहीत, आणि ते कळायला दोन-तीन वर्षं जातील.

आता केंद्राबद्दल. दवाखान्यांच्या रस्त्यावर, पहिल्या मजल्यावर, तीन खोल्या. फोनवर वेळ देताना ताईंनी जे सांगितलं त्यावरूनच मला विश्वास वाटला. बाळाला घरी दूध पाजून आणू नका, इथे आल्यावर पाजा, म्हणजे पोट भरून इथेच झोपेल. दुपटं, टोपडं, झबलं सगळं मऊ आणा, खुळखुळणारं काही नको. आणि आठवड्यापासून कानात तेल घालत असाल तर आजपासून बंद करा. आमच्या मालिशवाल्या मावशी नेमाने दोन थेंब घालत होत्या. त्यांना वाईट वाटू न देता थांबवावं लागलं. ताईंचं म्हणणं असं की कानाला तेलाची गरज नाही, आणि तपासणीच्या वेळी तर ते नळीच्या तोंडाशी आणि यंत्राच्या बारीक भोकांत बसून सगळा खेळ बिघडवतं.

तपासणीची खोली आतल्या बाजूला आहे. भिंतींना ध्वनी शोषणारं अस्तर, जाड दरवाजा, पंखा बंद, एसी आधी चालवून ठेवलेला आणि तपासणीच्या वेळी बंद. लेक खुर्चीत बसली, बाळ मांडीवर. दूध झालं, ढेकर झाली, पण झोप काही येईना. मधेच बाहेर पुढची माणसं आली होती, तरी ताईंनी एकदाही घड्याळाकडे पाहिलं नाही. ‘काकू, हळू आवाजात काहीतरी म्हणा,’ असं मलाच म्हणाल्या, आणि बाळ झोपल्यावर ओठांवर बोट ठेवून मला थांबवलं. या तपासणीत शांतता हेच अर्धं काम आहे, हे त्यांना पक्कं ठाऊक आहे.

कारण ही तपासणी बाळाला ‘ऐकू आलं का?’ असं विचारतच नाही. ती कानाच्या आतून येणारा आवाज ऐकते. मी आयुष्यभर कानावर जगलेली बाई, पण कान आवाज घेतो तसा आवाज काढतोही, हे मला तिथे समजलं, आणि अजूनही त्याचं नवल ओसरलेलं नाही.

ताईंनी सांगितलं ते, आणि नंतर मी वाचलं ते, असं आहे. कानाच्या अगदी आत कॉक्लिया नावाची, शंखासारखी अडीच वेढ्यांची नळी असते. तिच्यात केशपेशींच्या ओळी. आतल्या बाजूची एक ओळ मेंदूकडे संदेश पाठवते. बाहेरच्या बाजूच्या तीन ओळी, सगळ्या मिळून सुमारे बारा हजार पेशी, वेगळंच काम करतात. आवाज आला की त्या सेकंदाला हजारो वेळा आखडतात आणि लांबतात, आणि आत आलेल्या क्षीण कंपनाला जोर देतात. हा जोर देताना थोडी ऊर्जा उलट्या वाटेने मागे फिरते, पडद्यापर्यंत येते, पडदा हलतो, आणि कानाच्या नळीत अगदी बारीक आवाज उमटतो. तोच ओएई, ओटोअकॉस्टिक एमिशन. कानाच्या नळीत माइक ठेवला तर तो पकडता येतो.

शास्त्रज्ञ थॉमस गोल्ड यांनी १९४८ सालीच लिहिलं होतं की कानाच्या आत स्वतःची ऊर्जा घालणारी व्यवस्था असायलाच हवी, आणि ती असेल तर कानातून आवाज बाहेरही पडेल. त्या काळी ते फारसं कुणी मनावर घेतलं नाही. कॉक्लियातल्या लाटांच्या अभ्यासासाठी १९६१ साली नोबेल मिळालेले गेओर्ग फॉन बेकेशी यांनी निरीक्षणं केली ती मृत माणसांच्या कानांवर, आणि मृत कानात ही व्यवस्था बंद पडलेली असते. लंडनमध्ये डेव्हिड केंप यांनी जिवंत माणसाच्या कानात छोटा माइक बसवून तो आवाज पकडला आणि १९७८ साली प्रसिद्ध केला, गोल्ड यांच्यानंतर तीस वर्षांनी. आज आमच्या नातीच्या कानात ज्या गोष्टीसाठी ती इवलीशी नळी घातली, तिची सुरुवात तिथे आहे.

यंत्राच्या त्या नळीच्या टोकाला रबराचं टोपण असतं, मापामापाचं. ते चपखल बसलं नाही तर बाहेरचा आवाज आत शिरतो आणि आतला निसटतो. प्रसूतिगृहात हेच झालं असावं असं ताईंचं मत पडलं. त्यांनी आधी दुर्बिणीने कानाची नळी पाहिली, कानाची पाळी हलकेच मागे आणि खाली ओढली, टोपण लावलं, पसंत पडलं नाही म्हणून काढलं, लहान लावलं. मग मशीन. एका प्रकारात ‘टक् टक्’ असे बारीक आवाज सोडतात आणि त्यानंतरच्या वीसएक मिलिसेकंदांत काय परत येतं ते बघतात. वरच्या सुरांचं उत्तर आधी येतं, खालच्यांचं नंतर, कारण वरच्या सुरांची जागा कॉक्लियाच्या दाराशीच असते.

दुसऱ्या प्रकाराने मात्र मला जागेवर खिळवून ठेवलं. त्यात कानात एकाच वेळी दोन सूर सोडतात. समजा एक २००० हर्ट्झचा, तर दुसरा १६४०च्या आसपास. निरोगी कान त्यांतून तिसराच सूर तयार करतो : खालच्याची दुप्पट वजा वरचा, म्हणजे इथे १२८० हर्ट्झ. हा सूर मशीनने सोडलेला नसतो. तो पडद्यावर दिसला तर तो कानानेच काढलेला. दोन सुरांमधलं प्रमाण साधारण १.२२ ठेवतात, कारण तिथे उत्तर सगळ्यात जोमदार येतं. मी मनात हिशेब केला. कोमल गंधार षड्जाच्या १.२ पट, शुद्ध गंधार १.२५ पट. म्हणजे या दोन सुरांतलं अंतर दोन्ही गंधारांच्या मधोमध कुठेतरी पडतं, आपल्या पट्टीत न बसणाऱ्या जागी.

दोन सुरांतून तिसरा ऐकू येतो हे संगीतकारांना फार आधीपासून माहीत होतं. इटलीचे व्हायोलिनवादक तार्तिनी यांनी १७१४ साली तो ऐकल्याचं सांगितलं आहे. माझ्या विद्यार्थ्यांनी हे ऐकल्यावर लगेच विचारलं, ‘मग तानपुऱ्यातला गंधारही कानच काढतो का?’ नाही. मिरजेच्या कारागिरांचा मान इथे कानाला देऊ नये. तानपुऱ्याच्या खर्जाच्या तारेतच पाचवा स्वरांश म्हणून तो गंधार असतो, जवारी नीट लागली की तो वर येतो, आणि माइकलाही तो मिळतो. ओएईचा सूर मात्र कान नसेल तर कुठेच नसतो.

कानातून बाहेर येणारा हा आवाज इतका बारीक असतो की बाहेरून आपल्याला तो ऐकू येत नाही. दोन सूर ६५ आणि ५५ डेसिबलच्या आसपास सोडले, तर परत येणारा सूर मोठ्या माणसात अनेकदा १० डेसिबलच्याही खाली असतो. नवजात बाळांचा त्यापेक्षा थोडा जोरकस. बहुतेक मशिनांत तो आजूबाजूच्या गोंगाटापेक्षा किमान ६ डेसिबल वर आला तर ती पट्टी पास धरतात. म्हणजे बाळाचं चोखणं, घशातली घरघर, पंखा, चपलांचा आवाज, सगळं त्याच्या आड येतं. गलक्यातल्या वॉर्डात केलेली तपासणी आणि या खोलीतली तपासणी यांत फरक पडला तो यामुळेच.

उजवा कान पहिल्याच फेरीत स्वच्छ पास झाला. डावा नाही. तिथे ताईंनी गोड बोलून वेळ मारून नेली नाही. डाव्या कानाची टिम्पॅनोमेट्री केली, म्हणजे नळीतला हवेचा दाब बदलून पडदा कसा हलतो ते पाहिलं. इतक्या लहान बाळासाठी ती १००० हर्ट्झच्या सुरावर करावी लागते, मोठ्यांच्या २२६ हर्ट्झवर केली तर फसगत होऊ शकते, हेही त्यांनी आपणहून सांगितलं. आलेख सपाट आला. ‘मागे पाणी असावं, ओसरेल. दोन-तीन आठवड्यांनी या. तेव्हाही आलं नाही तर बेरा ही पुढची तपासणी करू, आणि मी तुम्हाला तारीख घेऊन दिल्याशिवाय सोडणार नाही.’ लेकीला त्या शेवटच्या वाक्याने जितका धीर आला तितका घरातल्या कुणाच्याच समजुतीने आला नव्हता. पुढच्या खेपेला डावा कानही पास झाला.

ही तपासणी काय सांगत नाही, तेही केंद्रात स्पष्ट सांगतात, आणि हा मला त्यांचा सगळ्यात मोठा गुण वाटतो. ओएई बाहेरच्या केशपेशींपर्यंतची खबर देते. त्यापुढची नस आणि मेंदूपर्यंतची वाट तिला दिसत नाही. काही बाळांत केशपेशी ठणठणीत असतात, ओएई सुंदर येते, आणि संदेश मात्र नसेतून नीट जात नाही. म्हणून जी बाळं एनआयसीयूमध्ये, म्हणजे नवजात बाळांच्या अतिदक्षता विभागात, पाच दिवसांहून जास्त राहिली, ज्यांची कावीळ रक्त बदलण्याइतकी वाढली होती, त्यांना नुसत्या ओएईवर घरी पाठवू नये. त्यांना बेरा लागते. त्यात कपाळावर आणि कानामागे इलेक्ट्रोड लावून आवाजाला मेंदूच्या देठाकडून मिळणारं विजेचं उत्तर मोजतात. आमच्यासमोरच एक जुळी आली होती, कमी दिवसांची, काचेच्या पेटीत राहिलेली. त्यांच्या वडिलांनी ‘तेवढं साधं मशीन लावून टाका’ म्हणून बराच आग्रह धरला. ताईंनी ऐकलं नाही, सरळ बेराच केली. बंगळुरूच्या एका नवोद्योगाने २०१७ साली आणलेलं ‘सोहम’ नावाचं देशी यंत्रही बेराच्याच तत्त्वावर नवजात बाळांची चाळणी करतं. छोट्या प्रसूतिगृहांपर्यंत अशी यंत्रं पोचायला हवीत असं मला फार वाटतं.

आणि पास झालेलं बाळ जन्मभरासाठी पास झालं असंही नाही. काही श्रवणदोष नंतर उघड होतात. हाक मारल्यावर बघतं का, वर्षाच्या आसपास एखाददुसरा शब्द येतो का, हे लक्ष घरच्यांनीच ठेवायचं आहे.

नातीचं झाल्यावर मी माझेही कान तपासून घेतले. माझ्या वयात वरच्या पट्टीतला ओएईचा आलेख खाली आलेला दिसला, बीप ऐकून बटण दाबायच्या चाचणीतही तेच. ते मी समजू शकते. पण माझा एक विद्यार्थी ढोलपथकात वाजवतो, विशीतला आहे, सरावानंतर कानात ‘कुंई’ असा आवाज राहतो म्हणायचा. त्यालाही घेऊन गेले. बटणाच्या चाचणीत तो अगदी नॉर्मल आला, आणि ओएईत ४००० हर्ट्झच्या आसपास खड्डा. बाहेरच्या केशपेशी गोंगाटाने आधी मरतात आणि एकदा गेल्या की माणसात परत उगवत नाहीत, त्यामुळे बरेचदा ओएईत कुरबुर आधी दिसते. ताईंनी त्याला कानात घालायचे बोळे दाखवले आणि ते घालूनही ताल कसा कळतो हे पटवून दिलं. आता तो वापरतो. टीबीची काही इंजेक्शनं किंवा कर्करोगाचं सिस्प्लॅटिन चालू असलेल्यांनाही डॉक्टर अशा तपासणीसाठी पाठवतात, कारण ती औषधं याच पेशींना बाधतात.

त्या दिवशी ताईंनी माझ्या एका विद्यार्थिनीच्या कानात, काहीही सूर न सोडता, नुसता माइक ठेवून दाखवला. पडद्यावर एक बारीक उभी रेघ स्थिर उभी राहिली. तिचा कान आपणहून एक सूर धरून होता. असे आपोआप सूर काढणारे कान निरोगी माणसांत पुष्कळ सापडतात, बायकांत जास्त, आणि त्याचा कानात गुणगुणण्याच्या आजाराशी सहसा संबंध नसतो. मुलगी इतकी हरखली की तिने तो सूर कुठल्या पट्टीत बसतो ते हार्मोनियमवर शोधून काढलं.

आता तक्रारी. लिफ्ट नाही आणि जिना अरुंद. टाके असलेल्या बाळंतिणीला तो चढायला लावणं बरोबर नाही. बाहेरच्या खोलीत टीव्ही मोठ्याने चालू असतो. जिथे सगळा व्यवसाय शांततेवर चालतो तिथे हे मला खटकलं. सांगितल्यावर बंद केला, पण सांगावं लागू नये. बाळाला पाजायला वेगळा आडोसा नाही, तपासणीची खोली रिकामी असेल तर तीच देतात. रिपोर्ट पूर्ण इंग्रजीत. तोंडी सगळं मराठीत समजावतात, पण घरी गेल्यावर कागदच उरतो, आणि गावाकडून आलेल्या आजी-आजोबांना तो वाचता येत नाही. खाली दोन ओळी मराठीत लिहून द्या, अशी विनंती मी केली आहे.

फी साध्या सोनोग्राफीपेक्षा बरीच कमी पडली, पावती न मागता मिळाली, आणि दुसऱ्या खेपेला डाव्या कानाचेच पैसे घेतले. तेवढेही ज्यांना जड जातात त्यांनी सरकारी वाट सोडू नये. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमात जन्मजात बहिरेपणा धरलेला आहे. २०१३ साली हा कार्यक्रम सुरू झाला तो आपल्या पालघरमधूनच. जिल्हा रुग्णालयात डीईआयसी, म्हणजे मुलांमधले दोष लवकर हेरून उपचार करणारं केंद्र, कुठे आहे ते विचारा, आशाताईंना विचारा. मुंबईकडच्यांना वांद्र्याची अली यावर जंग संस्था आहे, ती १९८३ पासून याच कामात आहे.

कुठेही गेलात तरी तपासणाऱ्याकडे भारतीय पुनर्वास परिषदेची नोंदणी आहे का ते बघा. इथे ताईंचं प्रमाणपत्र दारातच लावलेलं आहे. वेळ सकाळची पहिली मागून घ्या, तेव्हा रस्त्यावर रहदारी कमी असते आणि बाहेर गर्दीही नसते. प्रसूतिगृहाची चिठ्ठी आणि डिस्चार्ज कार्ड दोन्ही न्या, एनआयसीयूचे दिवस आणि दिलेली इंजेक्शनं ताई त्यावरूनच बघतात. रविवारी बंद.